किलोभर साखर

१९८४ सालची गोष्ट. वजनमापे निरीक्षकांच्या परीक्षेचा दावा सुनावणीला आला होता, आणि वकिलांच्या टेबलावर कागदांच्या गठ्ठ्याशेजारी किराणा दुकानातला एक तराजू ठेवला होता.

भांडण एकाच प्रश्नाचं. पायथ्याशी तराजूत तोललेली किलोभर साखर उंच डोंगरावर नेली आणि त्याच तराजूत, त्याच मापांनी तोलली, तर किती भरेल? परीक्षा घेणाऱ्या आयोगाच्या उत्तरतालिकेत होतं, 'किंचित कमी'. दुकानदाराच्या लेकीनं लिहिलं होतं, 'किलोच'. अर्ध्या गुणानं तिची निवड हुकली. यादीतली शेवटची जागा एका शिंपिणीच्या मुलीला मिळाली. तालिका बदलली तर एकीला गुण मिळणार, दुसरीचा जाणार. नोकरी एकच. दोघी एकाच बाकावर बसल्या होत्या, मध्ये पिशवी ठेवून.

“प्रश्न तज्ज्ञांनी काढलाय, साहेब,” आयोगाचे वकील म्हणाले. “उंचावर वजन घटतं, हे शास्त्र आहे.”

“साखरेचं घटतं, मग मापाचं काय वाढतं?” मागच्या बाकावरून दुकानदार पुटपुटले. “दुकानात येऊन विचारलं असतं, तर फुकट सांगितलं असतं.”

कुणीतरी फिसकन हसलं. न्यायाधीशांनी चष्म्यावरून पाहिलं, तसे दुकानदार खिशातला रुमाल शोधू लागले.

न्यायाधीशांनी शिंपिणीच्या मुलीला उभं केलं.

“निवड तुमची झाली आहे. तुम्ही काय लिहिलं होतं?”

“किंचित कमी.”

“का?”

“क्लासचे सर सांगायचे, हा प्रश्न दोनदा येऊन गेलाय, आयोगाला हेच उत्तर लागतं. आपली अक्कल घरी ठेवून या, म्हणायचे.”

“आणि अक्कल काय म्हणत होती?”

तिच्या वकिलांनी हळूच मान हलवली, नको म्हणून. तिला कामावर लागून पाच महिने झाले होते. आईनं लोकांचे कपडे शिवणं नुकतंच बंद केलं होतं; ती दाराशी उभी राहून ऐकत होती. मुलीनं आईकडे पाहिलं, मग टेबलावरच्या तराजूकडे.

“किलोच भरेल, साहेब. साखरेबरोबर मापंही वर गेलीत.”

बाहेर पायऱ्यांवर आई म्हणाली, “गप्प बसली असतीस तर जीभ झडली असती का गं?”

“अगं, तराजू समोर होता.”

महिन्याभरानं निकाल लागला. दुकानदाराची लेक तीस वर्षं निरीक्षक होती. पहिल्याच तपासणीत तिनं वडिलांच्या दुकानातलं एक झिजलेलं माप जप्त केलं. ते चार दिवस तिच्याशी बोलले नाहीत, येणाऱ्या प्रत्येक गिऱ्हाइकाला मात्र ती हकीकत सांगत राहिले. क्लासच्या सरांनी पुस्तकाच्या पुढच्या आवृत्तीत उत्तर बदललं आणि वर्गात सांगितलं की, आयोगाला आता हेच लागतं. शिंपिणीचं मशीन पुन्हा सुरू झालं ते आणखी सात वर्षं चाललं. तिची मुलगी शाळेत विज्ञान शिकवू लागली. दरवर्षी पोरांना घेऊन ती गावाबाहेरचा डोंगर चढायची, बरोबर तराजू, किलोचं माप आणि किलोभर साखर. वर तोलून झालं की साखर पोरांच्या हातावर.

डोंगर चढायच्या दोन दिवस आधी ती तराजू आणि माप घेऊन निरीक्षकांच्या कार्यालयात जायची. निरीक्षकबाई माप तपासायच्या, तराजूचा काटा पाहायच्या, चहा मागवायच्या आणि त्या वर्षीचा शिक्का मारून द्यायच्या.

शाळेच्या तराजूला शिक्का लागत नाही, हे दोघींनाही ठाऊक होतं.