हौसाबाई गप्प बसते तेव्हा

मुलांनो, बावन्न सालचं कल्याण डोळ्यांसमोर आणा. बाळांना न्हाऊ घालणारी हौसाबाई न्हाणीत पाय पसरून बसली होती. पायांवर आईवेगळी, पाच महिन्यांची हेमा होती. टाळूवर तेल जिरवताना हौसाबाई म्हणाली, “काय गं ठमे, झोप झाली का?” आणि रोजच्यासारखी उत्तरासाठी थांबली. दारातून हेमाच्या आत्याबाई कडाडल्या, “सातमाशी पोर मंदच निघणार. भिंतीशी कसल्या गप्पा मारतेस? मुकाट्यानं आंघोळ घाल, नाहीतर उद्यापासून येऊ नकोस!” “तेलानं टाळू भरंल आत्याबाई. अक्कल बोलण्यानंच येती. घरात तिच्याशी दुसरं कोण बोलतंय? आता मी गप बसते. भिंत काय करती ते तुम्हीच बघा.” हौसाबाईनं ओठ मिटले, चेहरा दगडासारखा केला. हेमानं तिच्या तोंडाकडे पाहिलं. जरा वाट पाहिली. मग कपाळाला आठ्या घालून, पाय झाडून ती हौसाबाईवरच ओरडली, “आंऽऽ!”