कोरडे बूट

मोठ्या साहेबांचे बूट ठणठणीत कोरडे होते. सगळं कोर्ट त्या बुटांकडे बघत होतं. न्यायाधीश तर खुर्चीतून अर्धे उठले होते.

नदीवर पूल बांधा, असा कोर्टाचा हुकूम होता. पूल बांधला, असं बांधकाम खात्याचं प्रतिज्ञापत्र होतं. पूल कागदावरच आहे, हा कोर्टाचा अवमान आहे, असं गाववाल्यांच्या वकीलबाई म्हणत होत्या. शेवटी न्यायाधीशांनी तोड काढली. पुढच्या तारखेला खात्याच्या मोठ्या साहेबांनी पलीकडच्या काठावरून, आपल्याच पुलावरून, चालत कोर्टात यावं.

"पुलावरून आलात?" न्यायाधीशांनी विचारलं.

साहेबांनी उजवा बूट जरा पुढे केला. "आपणच बघावं."

तोंड शपथेला बांधलेलं. बुटाला कसली शपथ?

वकीलबाईंचा चेहरा उतरला. आज अवमानाचा अर्ज निकाली निघाला की पूल जन्मभर कागदावरच राहणार. त्यांनी मागे वळून पाहिलं आणि दारापाशी त्यांना आपला बाप दिसला. छातीपर्यंत भिजलेला, निथळत उभा.

त्याला सगळे खांदा म्हणत. माणसं खांद्यावर बसवून नदीपार करायची, हा त्याचा धंदा. पूर आला की नदीच त्याच्या कमरेला धरून उभी राहते, असं पलीकडचे लोक सांगत, आणि ते कधी खोटं बोलत नाहीत.

बाई तरातरा त्याच्याकडे गेल्या. "बाबा, याला तुम्ही आणलंत?"

"गाडी बंद पडली होती गं त्यांची. काठावर उभे राहून सारखे घड्याळ बघत होते."

"बघू द्यायचं होतं! आज हा भिजून आला असता तर—"

"म्हणजे माझ्या नदीवर मी माणूस भिजू द्यायचा?" खांद्याचा आवाज चढला. "तू कॉलेजला गेलीस ती इथे बसून." त्याने आपला उजवा खांदा थोपटला. "तुझ्या पुस्तकाचं एक पान तरी कधी ओलं झालं?"

बाईंच्या मनात राग होताच. पण मान आपोआप ताठ झाली.

"मागे काय चाललंय?" न्यायाधीश गरजले. "तुम्ही कोण?"

"मी पूल, साहेब. कागदावरचा."

कोर्ट खदखदून हसलं. मोठे साहेब मात्र हसले नाहीत. "या गृहस्थांना मी ओळखत नाही," ते म्हणाले.

आता, कोर्टाची फरशीही त्यांच्याच खात्याने घातलेली. तेव्हा ती उतरती असणार हे ओघानेच आलं. खांद्याच्या अंगावरून निथळलेलं पाणी दारापासून निघालं, बाकांखालून सरकत आलं, वकीलबाईंना वळसा घालून पुढे गेलं आणि थेट साहेबांच्या बुटांपाशी आलं. साहेब एक पाऊल मागे सरले. पाणी तेवढंच पुढे सरलं. साहेबांची पाठ कठड्याला टेकली. मग बुटातून 'पच्' असा आवाज आला, आणि तो सगळ्यांनी ऐकला.

न्यायाधीशांनी शांतपणे लेखणी उचलली. "पूल झालेलाच आहे म्हणता, तर उद्यापासून तुमचा मुक्काम पलीकडे. रोज तिथून कामावर यायचं."

"आणि येऊ कसा, साहेब?" मोठ्या साहेबांच्या तोंडून निघून गेलं.

साहेबांनी जीभ चावली, पण उशीर झाला होता.

"घ्या लिहून," न्यायाधीश कारकुनाला म्हणाले. "अवमान सिद्ध झाला. पूल उभा राहीपर्यंत मुक्काम पलीकडेच."

बाईंनी डोळे मिटून श्वास सोडला. मागून खांद्याने हात वर केला.

"साहेब, आणखी एक ओळ लिहून घ्या."

"बोला."

"उभ्या आयुष्यात माझ्या खांद्यावरून गेलेल्या कुणाचा पाय भिजला नाही." त्याने मोठ्या साहेबांच्या बुटाकडे बोट दाखवलं. "हा भिजला, तो तुमच्या हद्दीत."