मसुऱ्याचं आमंत्रण

“सगळ्यांका सांग, पण मसुऱ्याक तेवढो जाव नको,” जानकी म्हणाली आणि पुन्हा खाली मान घालून कोकमाची सोलं निवडायला लागली.

सिद्धेशने कपाळावर हात मारला. लग्न आठवड्यावर आलं होतं आणि घरात अजून तेच दळण चालू होतं, मसुऱ्याच्या थोरल्या काकांना बोलवायचं की नाही.

तसं लग्न इवलंसं. आचऱ्याला देवळात, दोन्हीकडची मिळून एका पंगतीची माणसं. पत्रिकासुद्धा छापली नव्हती, तोंडीच सांगायचं ठरलं होतं. पण माणसं मोजकी असली की पंचाईत जास्त. मोठ्या लग्नात कुणी राहिलं तर विसरलो म्हणून सुटता येतं. इथे टाळलं म्हणजे टाळलंच, आणि ते सगळ्या गावाला दिसतं.

“आये, बाबा गेल्यार ह्या घरात चूल कोणामुळे पेटली गो?”

“म्हणानच सांगतंय. त्येंका न इचारता सगळा ठरवलंव. आता खंयच्या तोंडान बोलवचा? त्येंच्या काळजाक लागात रे.”

सिद्धेशचे बाबा, शंकर, तो शाळेत असतानाच तापाने गेले. त्यानंतर त्याला आणि बहिणीला, अक्षयाला, बापाची उणीव भासू दिली नाही ती बाबांच्या या थोरल्या भावाने, हरिश्चंद्रकाकांनी. बाजाराला मालवणात आले की पिशवीतून फणस, केळफूल, काहीतरी निघायचंच. लग्नाची बातमी कानावर गेली आणि काका फिरकायचेच बंद झाले.

तेवढ्यात अक्षया हिरवीगार साडी खांद्यावर टाकून आतून आली. “आये, बघ गो, ह्यो रंग बरो दिसतलो मा?”

जानकीने धड बघितलंसुद्धा नाही. “तुका आवडलो मा? मगे झाला.”

“असा काय करतंस गो! लग्नाची साडी ती!”

दोघींची जुंपायच्या आत सिद्धेशने मोटारसायकल काढली आणि मसुऱ्याची वाट धरली.

काका नको नको ते बोलले असते तरी त्याने ऐकून घेतलं असतं. काका आपले, बोलायचा हक्क त्यांचा. पण काकांशिवाय लग्न लागलं तर नवरी जन्मभर मनातल्या मनात कुढत बसेल, हे तो ओळखून होता. इतक्या मुश्किलीने घरात आलेलं सुख, त्याला असा डाग लागू नये एवढंच त्याला वाटत होतं.

काका अंगणातल्या खळ्यात काजीच्या बिया वाळत घालत होते. त्यांनी मान वर केली नाही.

“इलंस? बस.”

सुगंधाकाकीने गूळपाणी आणून ठेवलं आणि ती दारातच उभी राहिली.

“काका, लग्नाचा सांगूक इलंय.”

“आयकलंय. नवरो खंयचो?”

“आचऱ्याचो. शाळेत मास्तर आसा.”

“बिजवर म्हणतत.”

“होय. पयली बायल वारली, पोरांबाळां नाय. पण माणूस सोन्यासारखो आसा, काका.”

“तिच्या मनात आसा काय? की तुमीच ढकलतास?”

“वरसभर नाय नाय म्हणा होती. आमीच पाठ सोडूक नाय. आता काम करता करता गुणगुणता ती. बघून बरा वाटता.”

काका बिया पसरत राहिले. हात मात्र एकाच जागी फिरत होता.

“आणि माका इचारूचा सुद्धा वाटला नाय तुमका.”

“भियालंव, काका. तुमका दुखात म्हणान भियालंव. बाबांच्या जागी आमका तुमीच. जमाचा नाय तर येव नकात, मी काय्येक म्हणाचंय नाय. पण तुमका सांगल्याशिवाय अक्षता पडूक नको, इतक्याच.”

काका उठले आणि आत निघून गेले.

सिद्धेशने काकीकडे पाहिलं. काकीने नजर जमिनीला लावली. आतून बाबांची जुनी पेटी उघडल्याचा आवाज आला, मग तोही थांबला. झालं, संपलं, असं म्हणत सिद्धेश उठला आणि पायात चपला सरकवल्या. घरी जाऊन काय थाप मारावी याची तो मनात जुळवाजुळव करायला लागला.

“खंय चललंस? काढ त्यो चपला!”

काका दारात उभे होते. डोळे नुकतेच पुसलेले दिसत होते.

“कन्यादान कोण करता?”

“मामाक इचारलंव. तो म्हणालो, माका ह्या जमाचा नाय. म्हणान मीच बसतलंय.”

“तू? स्वतःचा लगीन झाला नाय आणि कन्यादान करूक चललो! जोडपा लागता रे, येड्या!” काका बायकोकडे वळले. “काय गो, आपण दोघां बसाया?”

काकीने पदर तोंडाला लावून मान हलवली. ती रडत होती की हसत होती, देव जाणे.

सिद्धेश वाकून दोघांच्या पाया पडला. काकांनी त्याला उठवून जवळ घेतलं आणि त्याच्या पाठीवर थोपटत म्हणाले, “तुझ्या आवशीक, जानकीक सांग, हळद हयसरच लागतली. सून म्हणान ह्या घरात इलली ती, आता चेडू म्हणान, लेक म्हणान ह्याच घरातसून मास्तराकडे जातली.”