दुपारचा फोन

“आज अभिचा फोन आला होता,” पोळी लाटता लाटता आई म्हणाली. “राजसला सांग म्हणाला, नेहमीसारखा शेवटचा प्रश्न सोडून येऊ नकोस.”

राजसच्या अंगावर काटा आला. असं बोलावं ते दादानेच. पण दादाला जाऊन आठवडा होत आला होता.

पुण्याहून मित्राचा मेसेज आला तो त्याने हॉस्पिटलच्या पार्किंगमध्ये वाचला. अंत्यसंस्कारही तोवर होऊन गेले होते. त्याने तिथूनच मुक्तावहिनीला फोन लावला. मला का कळवलं नाही म्हणून भांडला, रडला आणि शेवटी म्हणाला, आईला मात्र यातलं अक्षरही कळता कामा नये. आईची अँजिओप्लास्टी नुकतीच झाली होती, आयर्लंडमध्ये लेटरकेनीला राजसकडे ती विश्रांतीसाठीच आली होती. वहिनी “बरं,” एवढंच म्हणाली.

त्याच संध्याकाळी आईने दादाचं बोलणं सांगितलं. मग रोजच. कधी दादाला खोकला झालेला असायचा, कधी त्याने नवा पडदा लावलेला असायचा. राजस हुंकार भरत घास गिळायचा. आईचा फोन उघडून बघायची त्याची छाती होईना. दादाचा फोन आलाच नसेल, तर आईचं डोकं फिरलंय. आणि आला असेल तर? एवढा शिकलेला डॉक्टर, पण या दुसऱ्या विचाराने त्याची झोप उडायची.

शेजारच्या नोरीनने त्यात भर घातली. तुझी आई ग्रँड, म्हणजे बरी आहे ना, तिने काळजीने विचारलं. रोज दुपारी मागच्या अंगणात एकटीच उभी असते, पाऊस असला तरी.

त्यात परीक्षा तोंडावर. ही शेवटची संधी होती, हुकली तर इथली नोकरीही संपणार होती. डब्लिनला जाऊन राजस ती कशीबशी देऊन आला. परत येताना गाडीत त्याने ठरवलं, आता बास. आईला असं भ्रमात ठेवणं पाप आहे. काय व्हायचं ते होवो, आज सांगायचं. जिभेखाली ठेवायची गोळी त्याने खिशात तयार ठेवली.

घरी आला तर स्वयंपाकघर थंड होतं. आई सोफ्यावर बसून होती.

“आई, तुझ्याशी बोलायचंय.”

“पेपर नीट गेला?”

“गेला.”

“म्हणजे सगळी परीक्षा संपली? आता पुन्हा जायचं नाही ना?”

“नाही.”

तिने त्याला शेजारी बसवलं आणि त्याचे दोन्ही हात घट्ट धरले.

“मग आता मन घट्ट कर, राजा. तुझी परीक्षा होईपर्यंत कुणी काही बोलायचं नाही, असं मीच मुक्ताला बजावलं होतं. आपला अभि गेला रे.”