चंडोल

मुद्रणाचा लाल दिवा लागणार इतक्यात झैराने हात वर केला. ओरेस्तेला वाटलं, ती लांबूनच रामराम करतेय. त्यानेही हसून छडी हलवली. दिवा लागला. आता कुणी खोकायचंही नाही.

वादकांच्या पाठीमागच्या पडद्यावर पहाट उजाडली. भाताच्या खाचरात एकटी विधवा उभी, मान वर करून आभाळात काही शोधणारी. मालिकेचा शेवटचा प्रसंग. आज तेवढाच मुद्रित करायचा होता. पडद्याकडे बघत आपणच रचलेल्या संगीतावर हात चालवायचे, यातच ओरेस्तेची बत्तीस वर्षं गेली होती. त्या बाईच्या डोक्यावर एक चंडोल गातो. तो चंडोल म्हणजे झैराची वीतभर बासरी. सकाळी ट्राममध्येसुद्धा त्याने झैराच्या स्वरलिपीच्या कागदावर तिसऱ्या ओळीत दोन सूर खोडून नवे लिहिले होते.

ते सूर त्याला स्वतःला ऐकू येणार नव्हते.

गेल्या वसंतात रोमच्या छपरांवरच्या पाकोळ्या मुक्या झाल्या. त्याला वाटलं, यंदा आल्याच नाहीत. मग गॅलरीत कपडे वाळत घालताना बायको करवादली, "किती कलकलाट करतात मेल्या!" तो गप्प राहिला. तेव्हापासून गप्पच होता. वरचे सूर एकेक करून त्याच्या कानांतून उडून गेले होते, आणि हे कुणाला कळू द्यायचं नव्हतं.

कारण काचेपलीकडे निर्माता सांतोर्सो बसला होता. पुढच्या मालिकेचा करार त्याच्या मांडीवर होता. म्हाताऱ्याला वरचं ऐकू येत नाही म्हणे, असं कुणीतरी सांतोर्सोच्या कानात घातलं होतं.

संगीत संपलं. ओरेस्तेने काचेकडे एक नजर टाकली आणि छडी आपटली.

"पुन्हा! झैरा, तिसऱ्या ओळीत सूर उतरला तुझा. चंडोल आहे तो, खुराड्यातली कोंबडी नव्हे!"

सासऱ्याच्या मयतीतही कोटी करणारा ट्रम्पेटवाला नान्दो मान खाली घालून आपला ट्रम्पेट पुसू लागला. झैरा तेवीस वर्षं त्याच्या हाताखाली वाजवत आलेली. चूक म्हटली की फाडकन उलट बोलणारी. ती ओरेस्तेकडे बघत राहिली. मग हळूच म्हणाली,

"चुकलं माझं, मेस्त्रो. परत घेऊ या."

या खेपेला त्याने तिच्याकडे मुद्दाम पाहिलं. बासरी ओठाला होती, बोटं भराभर नाचत होती.

"आता कसं!" तो म्हणाला.

सांतोर्सो हात पसरूनच बाहेर आला. "मला तर आधीची चूक कळलीसुद्धा नाही! काय कान आहे तुमचा, मेस्त्रो! लोकांच्या जिभेला हाड नसतं, दुसरं काय." त्याने करार पियानोवर ठेवला, पेन पुढे केलं.

ओरेस्तेने चष्म्यासाठी पिशवीत हात घातला. चष्म्याबरोबर एक घडी घातलेला कागद आला. तिसऱ्या ओळीत दोन सूर खोडलेले. वर त्याच्याच अक्षरात: झैरा. तिला द्यायचाच राहिला होता.

त्याने मान वळवली. झैरापुढचा स्टँड रिकामा होता. सकाळपासून रिकामा होता. तिने हात वर केला होता तो या कागदासाठी; चंडोल एकदाही गायलाच नव्हता.

"करा की सही, मेस्त्रो!" नान्दो ओरडला. "कॉफी लागली तुमच्याकडे!" सगळे हसले. झैरा सगळ्यांत मोठ्याने हसली.

ओरेस्तेने पेनाला टोपण लावलं. खुर्च्यांमधून वाट काढत तो झैरापाशी गेला आणि तो कागद तिच्या स्टँडवर उलगडून ठेवला.

"वाजव," तो म्हणाला. "ती बाई केव्हाची वर बघतेय. तिला तरी ऐकू दे."