कडुलिंबावरची छत्री

निजामाच्या अमलात जालन्याकडच्या आमच्या कचेरीत पेशकाराची, म्हणजे साहेबांपुढे कागद मांडणाऱ्या वरच्या कारकुनाची, जागा रिकामी झाली. मी आणि दिगंबरराव, दोघेही कारकून, एकाच दिवशी नोकरीला लागलेलो. आधी हजर झालेल्या ज्येष्ठालाच बढती. पण वीस वर्षांपूर्वीचा हजेरीपट वाळवीनं खाल्लेला. साहेबांपुढच्या सुनावणीत मी छातीठोक सांगितलं, "हुजूर, त्या दिवशी पाऊस होता. कचेरीत खुंटी एकच. पहिल्यानं छत्री खुंटीला अडकवली, दुसऱ्यानं दारातल्या कडुलिंबाच्या रोपाला." "खुंटीवर माझीच होती!" दिगंबरराव गरजले. "मंग खिडकीतून वर बघा, राव," मी म्हटलं. झाडाबरोबर चढत गेलेली छत्री चाळीस हातांवर शेंड्याला लोंबत होती. दिगंबररावांना भरून आलं. "अरे, ही तर सासऱ्यांनी दिलेली! वीस वर्षं हुडकून राह्यलो हिला!" साहेबांनी हसू दाबत माझ्या नावावर शिक्का मारला. छत्री उतरवायच्या अर्जावर पेशकाराची सही लागायची. ती मी निवृत्त होईपर्यंत केली न्हाई.