कानसेनची परीक्षा

"ती लाल होडी उचल," पाहुणा म्हणाला आणि त्यानं पडद्याकडे बोट केलं.

भिंतीमागे बसलेल्या टायपिस्टबाईंनी दोन कळा दाबल्या. पलीकडच्या खोलीत, भिंतीएवढ्या पडद्यावरच्या नकाशात लाल होडी लुकलुकायला लागली.

"आता तिकडे ठेव."

बोट बंदराकडे गेलं. बाईंनी भिंतीतल्या काळ्या काचेतून बोटाचा रोख बघितला आणि डाव्या हातानं दांडी सरकवली. होडी बंदराला लागली.

"वा!" पाहुणा म्हणाला. बाईंनी रुमालानं कपाळ पुसलं.

तर असं हे यंत्र. नाव कानसेन. समोर खुर्चीत बसा, मायक्रोफोनमध्ये बोला, बोट दाखवा, काम झालंच म्हणून समजा. फक्त ऐकणारे कान आणि बघणारे डोळे बाईंचे होते. सुरुवात चांगल्या मनानंच झाली होती हो. प्रयोगशाळेचे साहेब म्हणाले होते, "माणसं यंत्राशी कशी बोलतील ते आधी बघू, मग यंत्र बनवू. तोवर यंत्राच्या जागी तुम्ही बसा. पंधरा दिवसांचा तर प्रश्न आहे." समोरच्याला सांगायचं नाही, एवढीच अट. सांगितलं की तो माणसाशी बोलल्यासारखा बोलणार. मग एक दिवस एक बडे अधिकारी आले, कानसेनवर बेहद्द खूश झाले, वर्तमानपत्रात फोटो छापून आला. साहेबांनी खरं सांगायला तोंड उघडलं आणि तसंच मिटलं. तेव्हापासून सगळ्यांची अळीमिळी गुपचिळी. पंधरा दिवसांची दोन वर्षं झाली.

घरी बाई सांगायच्या, "मी कॉम्प्युटरवर असते." त्यात खोटं तरी काय होतं?

आज मात्र कानसेनची परीक्षा होती. सरकारी अनुदान यंदा दोनपैकी एकाच संस्थेला मिळणार होतं, आणि परीक्षा घ्यायची होती एकमेकांच्या माणसांनी. घरचा मास्तर घरच्या पोराला नापास करत नाही, असा वरच्यांचा अनुभव. हा पाहुणा त्या दुसऱ्या संस्थेचा. त्यांचं यंत्र खरंच ऐकतं, असं जो तो सांगायचा. आज इथलं पितळ उघडं पडलं की प्रयोगशाळेला कुलूप, आणि वर छी-थू. बाईंच्या नवऱ्याचा कारखाना बंद पडून वर्ष झालं होतं. चार माणसांचं घर त्यांच्या दहा बोटांवर चाललं होतं.

"बाई, फार हुशारी नको," साहेबांनी सकाळीच बजावलं होतं. "मधूनमधून 'समजलं नाही' दाबत चला. तुम्ही यंत्र आहात, विसरू नका."

"विसरते कशाला? घरी तरी कोण आहे मी?"

पाहुणा पन्नाशीचा, शांत माणूस निघाला. बाईंना वाटलं होतं, भराभर बोलून कोंडीत पकडेल. पण हा एकेक हुकूम द्यायचा, एक श्वास थांबायचा, मग पुढचा. खऱ्या यंत्राशी बोलून बोलून माणूस असा सावकाश होत असेल का? बाईंना भीतीतही नवल वाटलं. ते खरं यंत्र "अं, अं" करणाऱ्याचं काय करत असेल? आणि शिंक आली तर? सर्दी झालेल्याचं बोलणं त्याला कळत असेल का? एकदा तरी बघायला मिळावं, बाई!

तासाभरानं पाहुणाच म्हणाला, "जरा थांबू या. बोटं आखडली असतील."

"हो ना, किती वेळ हवेत धरायचं!" साहेब उगाचच मोठ्यांदा हसले. "हात दाखवून अवलक्षण!"

पाच मिनिटांनी पुन्हा सुरू झालं.

"हिरवी होडी बेटाला लाव," पाहुणा म्हणाला. बोट मात्र पिवळ्या होडीवर होतं.

शब्द आणि बोट जुळलं नाही तर "समजलं नाही" दाबायचं, हा पहिल्या दिवसापासूनचा नियम. पण बाईंचा नवरा वीस वर्षं "तो निळा डबा दे" म्हणत पांढऱ्याकडे बोट करत आला होता, आणि बाई वीस वर्षं मुकाट्यानं पांढरा देत आल्या होत्या. डोक्याच्या आधी हात चालला. पिवळी होडी ऐटीत बेटाला लागली.

पाहुण्याचं बोट हवेतच राहिलं. बाईंनी दांडीवरचा हात झटकन मागे घेतला. चूक काय झाली होती? तर त्यांना बरोबर कळलं होतं.

"मी हिरवी म्हणालो," पाहुणा म्हणाला.

"तो... कधीकधी अंदाज बांधतो," साहेबांचा आवाज चिरकला.

"यंत्र अंदाज बांधतं?"

"म्हणजे, अलीकडे बांधायला लागलंय."

पाहुण्यानं वहीत काहीतरी लिहिलं. बराच वेळ लिहिलं. मग वही मिटून म्हणाला, "मला पाच मिनिटं एकट्याला द्याल? यंत्राबरोबर."

नाही कसं म्हणणार? साहेबांनी जाता जाता काळ्या काचेकडे एकदा केविलवाणं बघितलं. दार लागलं.

आता हा भिंत ठोकून बघणार, बाईंना वाटलं. त्यापेक्षा आपणच बाहेर जावं. सगळं आपल्या अंगावर घ्यावं, साहेबांचं नावसुद्धा काढू नये. नोकरी तर गेलीच, निदान माणसांची अब्रू राहील. डोळे भरून आले होते. त्यांनी कानांवरचे हेडफोन काढायला हात वर नेले.

पाहुण्यानं मायक्रोफोन जवळ ओढला. सकाळपासून पहिल्यांदाच तो पडद्याकडे न बघता थेट काळ्या काचेकडे बघत होता.

"आत जे कोणी असाल ते, घाबरू नका," तो हळू आवाजात म्हणाला. "मी पास लिहिलंय. परवा आमच्या यंत्राची परीक्षा आहे, ती घ्यायला तुमच्या साहेबांना सांगून तुम्हीच या. तिथे भिंतीमागे मी बसतो."